गच्चीवरचे टोमॅटो आणि बोर्डो : पावसाळी नोंद

श्रावण लागला तरी खालची पानं अजून हिरवीगार आहेत. यंदा करपा रोगाची वाट न बघता, पानं स्वच्छ असतानाच बोर्डो (मोरचूद आणि चुन्याचं रोगनाशक मिश्रण) मारलं, त्याचा हा हिशेब.

प्रमाण नेहमीचंच, एक टक्का: लिटरभर पाण्याला १० ग्रॅम मोरचूद (तांब्याचा निळा क्षार, कॉपर सल्फेट) आणि १० ग्रॅम कळीचा चुना. दोन्ही प्लास्टिकच्या वेगवेगळ्या भांड्यांत अर्ध्या-अर्ध्या पाण्यात कालवायचे आणि मोरचुदाचं पाणी चुन्याच्या दुधाळ पाण्यात हळूहळू ओतत ढवळत राहायचं. धातूचं भांडं नको. रंग आकाशी आला की घासलेला लोखंडी खिळा मिनिटभर बुडवायचा. त्यावर तांबूस थर चढला तर तांबं मोकळं आहे, पानं भाजतील. आणखी चुना घाला. माझ्या मते सगळा खेळ चुन्याचाच आहे. उघड्यावर पडून विरलेला चुना घेतला तर वजन बरोबर असूनही खिळा लाल होतोच. केलेलं मिश्रण त्याच दिवशी संपवायचं.

मूळ गोष्ट गमतीची आहे. फ्रान्समध्ये बोर्डोजवळच्या मेडोक भागात रस्त्याकडेच्या वेलींवर मोरचूद-चुना शिंपडत, लोकांनी द्राक्षं तोडू नयेत म्हणून. अमेरिकेतून आलेल्या केवडा नावाच्या रोगाने बाकीची पानं गळाली, या वेली मात्र टिकल्या. मिलार्दे या वनस्पतिशास्त्रज्ञाने हे हेरलं आणि १८८५ मध्ये कृती जाहीर केली. कोकणातले सुपारीवाले कोळेरोगावर (पावसात सुपारीची फळं कुजून गळतात तो रोग) अजून हेच मारतात.

केवडा, कोळेरोग आणि टोमॅटोचा उशिरा येणारा करपा, तिघांचे जंतू एकाच गोतातले. खऱ्या बुरशीतले नव्हेतच. म्हणून यांच्यावर कार्बेन्डाझिमसारखं बुरशीनाशक मारणं म्हणजे पैसे पाण्यात. तांबं चालतं, पण बीजाणू रुजण्याआधी पानावर असेल तरच. आत शिरलेला रोग ते बरं करत नाही. डागाळलेली पानं मी खुडून टाकली, कंपोस्टमध्ये घातली नाहीत.

सरीवर सर आली की थर धुपतो, नवी पालवी तर उघडीच असते. तरी सारखं मारू नका. कुंडीतल्या एवढ्याशा मातीत तांबं साठतं, कुजून जात नाही. फवारताना मी मातीवर गोणपाट टाकतो. हातमोजे, चष्मा हवाच. टोमॅटो चोळून धुवायचे.

ऑक्टोबर छाटणीनंतर द्राक्षवेलीवर केवड्यासाठी हेच. भुरीला (पानांवर पांढरी पूड धरणारा रोग) मात्र गंधक, तिथे बोर्डोचा फारसा उपयोग नाही.