तीन पायांची म्हैस

आज तब्बल अकरा महिन्यांनी रंगांची पेटी उघडली. अल्ट्रामरीन निळ्याच्या ट्यूबचं झाकण काही केल्या निघेना, शेवटी पक्कड लावली. आत रंगाचा खडा! ब्लेडने ट्यूब कापली, खडा वाटीत भिजत घातला आणि वाटी सांभाळत पंचगंगेचा घाट गाठला.

वय ७१. मोतीबिंदू काढल्यापासून निळा रंग अंगावरच येतो. फ्रेंच चित्रकार मोनेचं हेच ऑपरेशन १९२३ मध्ये, वयाच्या ८२ व्या वर्षी झालं आणि त्यानंतरही तो कमळतळं रंगवत राहिला, हे वर्गात किती ठसक्यात सांगायचो मी! आणि लांब कशाला, आपल्या कोल्हापुरातच चित्रकार आबालाल रहिमान कोटीतीर्थ तळ्याच्या काठी तेच ते पाणी रंगवत बसायचे. मला मात्र वर्षभर घरात विषयच सापडेना. (बायकोच्या मते विषय नव्हे, चष्मा सापडत नव्हता.)

पहिले दोन कागद वाया गेले. पातळ रंगाचा वॉश खाली ओढेपर्यंत वरची कड वाळलेली. दीपमाळ सरळ उभी राहीना, हात थरथरतो. तिसऱ्या कागदावर वैतागून, पेन्सिल न लावता थेट ब्रशने एक म्हैस टाकली. ओल्या रंगात पाठ आपोआप चकाकली. बरी वाटली.

मागून एक पोरगा म्हणाला, "मास्तर, तीनच पाय काढलायसा की!"

म्हटलं, "चौथा पाण्यात आहे."

"माझीच म्हस हाय ती. चारीबी पाय भाईर हैत."

उद्या सहाला परत आणतो म्हणालाय तिला.