दिवाबत्तीची जमीन आणि चोवीस गाळे

गेल्या आठवड्यात सकाळीच दारात तिघं उभे. हातात गाळा बुकिंगच्या पावत्या. "मॅडम, आमचे पैसे निघतील का?" पावतीवरचा गट नंबर बघितला आणि पोटात गोळा आला. तीन वर्षांपूर्वी ह्याच जमिनीचा सर्च रिपोर्ट, म्हणजे मालकीच्या कागदांच्या तपासणीचा अहवाल, मी नकारार्थी दिला होता.

मी बीड जिल्ह्यातल्या एका तालुक्याला वकिली करते, बहुतेक काम सर्चचंच. तेव्हा एक बिल्डर आला होता. हायवेला लागून अडीच एकर, चोवीस गाळ्यांचं कॉम्प्लेक्स करायचं होतं. सातबारा आरशासारखा, 'इतर हक्क' एकदम कोरा. हीच गोष्ट मला खटकली. दर्ग्याच्या भिंतीला खेटून जमीन आणि रकान्यात एक अक्षर नाही?

१९५४-५५ चं खासरा पत्रक काढलं. फिक्या शाईत लिहिलेलं होतं, 'खिदमतमाश इनाम'. पुढं वारसाच्या फेरफारानं दर्ग्याची खिदमत, म्हणजे सेवा, करणाऱ्याच्या मुलांची नावं लागली आणि सातबारा नव्यानं लिहिताना कधीतरी 'इनाम' हा शब्द गळाला. मुद्दाम की कंटाळ्यानं, देव जाणे.

मुंतखबाची, म्हणजे निजाम सरकारच्या इनामाच्या दाखल्याची, नक्कल मिळाली ती उर्दूत. आमचे आजोबा नव्वदीचे, निजामाच्या काळात शाळेत उर्दू शिकलेले. भिंग घेऊन बसले. बोट सरकत सरकत एका ओळीवर थांबलं. "मशरूतुल खिदमत. म्हंजी कामाच्या अटीवर दिलेली. दर्ग्याची झाडलोट करायची, दिवाबत्ती करायची अन् जमिनीवर पोट भरायचं. इकायची न्हाई."

बिल्डरला सांगितलं तर म्हणाला, "इनामं कधीच रद्द झाली की." झाली, हैदराबादच्या १९५४ च्या कायद्यानं, पण धार्मिक संस्थांची इनामं त्यातून वगळलेली आहेत. दर्ग्याला दिलेली अशी जमीन म्हणजे वक्फ, धर्मकामासाठी कायमची राखलेली. पुढं १९९८ मध्ये आंध्रच्या एका प्रकरणात सुप्रीम कोर्टानं सांगून टाकलं, एकदा वक्फ तो कायमचा वक्फ. खाजगी नावानं पट्टा झाला म्हणून तो पुसला जात नाही. २०१३ च्या दुरुस्तीपासून तर विक्रीच बाद. दुकानं काढायचीच तर भाडेपट्टा, तोही जास्तीत जास्त ३० वर्षं, सरकारच्या मंजुरीनं. "भाडेपट्ट्यावरचा गाळा घेतंय कोण?" असं म्हणून त्यानं फाईल उचलली. दुसऱ्या कुणाकडून तरी क्लिअर रिपोर्ट मिळाला असणार.

मुंबईच्या अल्टामाउंट रोडवर अंबानींची अँटिलिया उभी आहे ती जमीन खोजा यतीमखान्याची, म्हणजे अनाथाश्रमाची, होती. २००२ मध्ये २१.०५ कोटींना विकली, धर्मादाय आयुक्तांच्या परवानगीनं. वक्फ बोर्ड म्हणालं, परवानगी आमची लागते. तिकडं मुस्लिम संस्थांची नोंद १९५० च्या विश्वस्त कायद्याखाली धर्मादाय आयुक्तांकडे व्हायची, आमच्याकडं मराठवाड्यात आधीपासून वक्फ कायदा. मुसलमानाचा प्रत्येक ट्रस्ट म्हणजे वक्फ नव्हे, हेही २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलंय. म्हणजे घोळ तिथंही कागदाचाच. आमच्या गटाचा भाव मात्र गुंठ्यावर.

त्या तिघांना खोटा धीर दिला नाही. बांधकामाला स्टे आहे, दावा चालू आहे. २०२५ च्या दुरुस्तीनं वक्फच्या दाव्यांना मुदतीचा कायदाही (दावा किती काळात लावायचा तो) लागू झालाय, त्यामुळे दोन्हीकडचे वकील आता तारखा मोजत बसलेत. पावत्या, बँकेच्या नोंदी जपून ठेवा आणि बिल्डरला आधी नोटीस द्या, एवढंच म्हणाले. एकाने बायकोचे दागिने मोडलेत. तो शेवटपर्यंत पावतीची घडी घालत आणि उलगडत होता.

दुपारी आजोबांनी विचारलं, "दिवा कोण लावतंय आता तिथं?"

संध्याकाळी गाडी तिकडं वळवली. कॉलमचे गज गंजलेत, खड्ड्यांत पाणी. दर्ग्याच्या चौकटीवर एक पिवळा बल्ब चालू होता. वायरीमागं नजर गेली. ती भिंतीवरून उतरून साइटच्या पत्र्याच्या शेडमध्ये गेली होती, बिल्डरच्या टेम्पररी मीटरला.