काकूंचा फॉर्म

शनिवारी दुपारी तीनच्या सुमारास मी काकूंना पहिल्यांदा थेट प्रश्न विचारला. त्याआधी नाना आणि काकू माझ्या ऑफिसात चार वेळा येऊन गेले होते. दोघांचे अमेरिकेच्या व्हिसाचे फॉर्म भरून झाले होते, माणशी १८५ डॉलरची फी भरून झाली होती आणि मंगळवारची मुलाखतीची तारीख हातात होती. चारही वेळा काकू भिंतीकडच्या खुर्चीवर कागदांची पिशवी मांडीवर घेऊन बसल्या होत्या, आणि मी जे काही विचारलं ते नानांना.

नाशिकला शरणपूर रोडवर माझं छोटं ऑफिस आहे. चौदा वर्षं मी व्हिसाचे फॉर्म भरतेय. माझ्याकडे येणारे बहुतेक आईवडील असतात. लेक किंवा मुलगा अमेरिकेत, तिकडे बाळंतपण, बारसं नाहीतर नवं घर. येताना लोक जाडजूड फाइल घेऊन येतात: सातबारा, आठ अ, एफडीच्या पावत्या, घरपट्टी, सोन्याचं व्हॅल्युएशनसुद्धा. बाहेरच्यांना वाटतं की व्हिसा या फाइलवर मिळतो. खिडकीपलीकडचा अधिकारी बहुतेक वेळा ती फाइल उघडतही नाही. त्याच्या हाती दोन-तीन मिनिटं असतात, आणि समोरच्या पडद्यावर असतो तुमचा डीएस-१६० फॉर्म, म्हणजे व्हिसाचा ऑनलाइन अर्ज. अमेरिकेच्या १९५२ च्या इमिग्रेशन कायद्यात २१४(ब) नावाचं कलम आहे. व्हिजिटर व्हिसा मागणारा माणूस तिकडे कायमचा राहायलाच निघालाय, असं धरून चालायचं आणि तसं नाही हे त्यानेच पटवून द्यायचं, असा त्याचा अर्थ. म्हणून तो फॉर्म म्हणजेच तुमची साक्ष.

तो फॉर्म नीट भरणं हे कसबाचं काम आहे आणि मला त्याचा अभिमान आहे. वीस मिनिटं हात लावला नाही तर तो बंद पडतो, म्हणून पानागणिक सेव्ह करायचं आणि अर्जाचा क्रमांक आधी वहीत लिहून ठेवायचा. आडनाव कुठे आणि नाव-वडिलांचं नाव कुठे, हे पासपोर्टवर जसं आहे तसंच उतरवायचं. फोटो दोन इंच बाय दोन इंच, पांढरी पार्श्वभूमी, चष्मा काढून. आपल्याकडच्या जुन्या पिढीतल्या कितीतरी माणसांची जन्मतारीख १ जून असते, कारण शाळेत नाव घालताना मास्तरांनी तीच टाकलेली. नाना-काकूंच्या पासपोर्टवरही दोघांची १ जूनच. अशा वेळी खरी तिथी कुणाला आठवत असली तरी फॉर्ममध्ये पासपोर्टचीच तारीख जाते, आणि विचारलं तर हेच कारण सरळ सांगायचं, हे मी प्रत्येकाला समजावते.

फॉर्मच्या शेवटी एक प्रश्न असतो: हा फॉर्म भरायला तुम्हाला कुणी मदत केली का? या धंद्यातले बरेच जण तिथे ‘नाही’ टाकतात. मी ‘हो’ टाकते आणि खाली माझं नाव-पत्ता देते. ज्या कागदाखाली आपलं नाव द्यायची हिंमत नाही तो कागद दुसऱ्याच्या हाती देऊ नये, असं माझं मत आहे. ‘गॅरंटीने व्हिसा’ म्हणून बोर्ड लावणारे, आठवड्यापुरता बँकेत पैसा फिरवून देणारे आणि साठीच्या माणसांकडून इंग्रजी उत्तरं पाठ करून घेणारे लोक या माणसांचं फार नुकसान करतात. मुंबईच्या कॉन्सुलेटात मराठीत मुलाखत देता येते. तरी माणसं ‘आय विल कम बॅक’ घोकत कसारा घाट उतरतात.

नाना-काकू निफाड तालुक्यातले, द्राक्षवाले. लेक टेक्सासात, पहिलटकरीण, जूनच्या पहिल्या आठवड्यातली तारीख. शेतीच्या उत्पन्नावर आयकर नाही, त्यामुळे नानांकडे रिटर्नच्या फायली नाहीत. नोकरदाराला फॉर्म १६ दाखवला की सुटतं, शेतकऱ्याला तसा एक कागद नाही. पण मला काळजी वाटत नव्हती. बागेसारखं परत ओढणारं दुसरं काही नसतं. ऑक्टोबर छाटणीला माणूस घरी नसेल तर वर्ष गेलं. सप्टेंबरअखेर परत, असं आम्ही फॉर्ममध्ये लिहिलं.

काकूंच्या फॉर्मात धंद्याच्या रकान्यात मी ‘गृहिणी’ टाकलं होतं. मी नानांना विचारलं, “काकू काय करतात?” नाना म्हणाले, “घरीच असते.” मी टाकून मोकळी झाले.

मुलाखतीच्या दोन-तीन दिवस आधी मी सगळ्यांची तालीम घेते. मी खिडकीपलीकडे, म्हणजे टेबलाच्या या बाजूला, आणि ते दोघं उभे. बसून उत्तर देणं वेगळं आणि उभ्याने देणं वेगळं. नानांचं झालं. मग मी काकूंकडे वळले आणि साधं विचारलं, “तुम्ही काय करता?”

“बाग बघते.”

“म्हणजे?”

“विरळणीच्या बाया माझ्या हाताखाली असतात. डिपिंगला, म्हणजे घड औषधाच्या पाण्यात बुडवताना, उभी मीच राहते. औषधाची वही मी लिहिते, ती एक्स्पोर्टवाल्याला दाखवावी लागते ना.” मग जरा थांबून, “अन् दीड एकर माझ्या नावावर आहे.”

मी पिशवीतला सातबारा काढला. तो माझ्याकडे तीन आठवडे होता. काकूंचं नाव त्यात होतं. शरद जोशींच्या शेतकरी संघटनेची लक्ष्मीमुक्तीची चळवळ चालू होती त्या काळात नानांनी जमीन बायकोच्या नावे केली होती. १९८६ च्या चांदवडच्या महिला अधिवेशनाला काकू मोठ्या मुलाला कडेवर घेऊन गेल्या होत्या. हे त्या एखादी नेहमीची गोष्ट सांगावी तसं सांगत होत्या, आणि माझ्या पडद्यावर ‘गृहिणी’ लिहिलेलं होतं. मी स्वतः बाई, स्वतःचं ऑफिस चालवते, आणि मी हे केलं होतं.

ते दुरुस्त करता येण्यासारखं होतं. मी यादीतला पुढचा प्रश्न विचारला. “याआधी कधी अमेरिकेचा व्हिसा नाकारलाय?”

फॉर्ममध्ये हा प्रश्न असतोच. नानांना विचारून मी दोघांच्याही फॉर्मात ‘नाही’ टाकलं होतं.

काकूंनी नानांकडे पाहिलं. नाना खिडकीबाहेर बघत होते. “हे काय विचारणं झालं,” काकू म्हणाल्या, “त्या वेळी आपण गेलो नव्हतो का मुंबईला? त्या दौऱ्याचं?”

मग सगळं बाहेर आलं. २०१३ साली एका एजंटाने द्राक्ष बागायतदारांसाठी कॅलिफोर्नियाचा अभ्यास दौरा काढला होता. जोडप्याजोडप्याने बारा जण. फॉर्म त्यानेच भरले, कुणाला वाचून दाखवले नाहीत, सह्या तेवढ्या घेतल्या. खिडकीवर दोन प्रश्न झाले आणि नाना-काकूंच्या हातात नकाराचा कागद आला. गावात तोवर सत्कार होऊन गेला होता. नारळ, शाल, फोटो. नानांनी घरी येऊन तो कागद चुलीत घातला आणि हा विषय काढायचा नाही असं ठरलं. लेकीलासुद्धा माहीत नव्हतं, ती तेव्हा पुण्याला हॉस्टेलवर होती. मी जुने पासपोर्ट मागितले तेव्हा नाना म्हणाले होते, “कोरे आहेत.” ते खरंच होतं. जुन्या पासपोर्टवर व्हिसा नव्हताच.

“ताई, मला वाटलं, इतक्या वर्षांनी कोण बघतं,” नाना म्हणाले.

ते बघतात. दहा बोटांचे ठसे आणि फोटो त्यांच्याकडे असतात, नाव टाकलं की जुना अर्ज समोर येतो. नकार मिळालेला असणं हा गुन्हा नाही. नकार मिळालेल्या कितीतरी जणांना पुढे व्हिसा मिळतो. पण नकार लपवला तर ते खोटं निवेदन ठरू शकतं, आणि त्यासाठीच्या वेगळ्या कलमाखाली माणसाला कायमचं बाहेर ठेवता येतं. मग लेकीचं दुसरं बाळंतपण नाही, नातवाचं लग्न नाही, काहीच नाही.

शनिवार दुपार, मंगळवारची मुलाखत, सोमवारी ठसे. नवा फॉर्म भरायला मला दीड तास पुरला असता. पण मुलाखतीची तारीख ज्या फॉर्मच्या क्रमांकावर घेतलेली असते तोच फॉर्म न्यावा लागतो, आणि नवा क्रमांक जोडायला मध्ये कामाचे दिवस लागतात. मध्ये होता रविवार.

दोन वाटा होत्या. एक, आहे तोच फॉर्म घेऊन मंगळवारी जायचं आणि खिडकीवर पोचताच नानांनी आपणहून सांगायचं की फॉर्ममध्ये चूक झालीय. असं सांगितलेलं अधिकारी ऐकून घेतात, हे मी पाहिलंय. दुसरी, तारीख पुढे ढकलून खरा फॉर्म द्यायचा. पहिली वाट नानांच्या तोंडावर अवलंबून होती. ज्या माणसाला अकरा वर्षं हे स्वतःच्या लेकीला सांगता आलं नाही, तो काचेपलीकडच्या परक्या माणसाला पहिल्या वाक्यात सांगेल, यावर माझा विश्वास बसेना. मी तारीख ढकलली. पुढची मिळाली ती २५ जूनची.

रात्री साडेनऊला लेकीचा फोन आला. तिकडे सकाळ होती. वडिलांनी तिला सगळं सांगितलं होतं, त्याबद्दल ती काहीच बोलली नाही. ती एवढंच म्हणाली, “ताई, मी इथे एकटी आहे हो. तुम्ही तो प्रश्न सोमवारी रात्री विचारला असतात, तरी चाललं असतं ना?” मी नियम सांगायला लागले. तिने ऐकून घेतलं आणि फोन ठेवला. तिचं म्हणणं असं, की बाबा खिडकीवर बोलले असते. आपल्या बापाला ती माझ्यापेक्षा जास्त ओळखते.

३ जूनला मुलगी झाली.

नवे फॉर्म मी दोन वेगवेगळ्या दिवशी भरले. पहिल्या दिवशी नानांना बोलावलं, दुसऱ्या दिवशी काकूंना, आणि त्यांना माझ्या शेजारी पडद्यासमोर बसवलं. प्रत्येक प्रश्न मराठीत वाचला. धंदा: शेती. नकार: हो, २०१३. कारणाच्या चौकटीत काकू सांगतील ते इंग्रजीत लिहिलं आणि परत मराठीत वाचून दाखवलं. दहशतवाद, तस्करी, हेरगिरीचे प्रश्नसुद्धा मी वाचले. एरवी ते मी न विचारताच ‘नाही’ करून पुढे जायची. काकूंना दोन तास लागले.

२४ तारखेला मी स्वतः त्यांच्याबरोबर मुंबईला गेले. एरवी मी जात नाही. वांद्रे-कुर्ला संकुलात ठसे घ्यायला गेले तर काकूंचे ठसे उमटेनात. वर्षानुवर्षं घडात बोटं घालून मणी विरळायचे, डिपिंगचं पाणी, गंधक, चुना. उजव्या हाताची चार बोटं काचेवर ठेवली की पडद्यावर नुसती धुरकट पट्टी यायची. खिडकीवरच्या मुलाने ओला टिश्यू दिला, पुसून घेतलं, परत दाबलं, परत पुसलं. पाचव्यांदा घेतले गेले. काकूंनी त्याला विचारलं, “बाळा, माझ्यामुळे खोळंबा झाला का?” तो मराठीच होता. “नाही मावशी, शेतकऱ्यांचं असंच होतं,” म्हणाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी पाऊस. आत मोबाइल चालत नाही, बरोबरच्या माणसाला प्रवेश नाही. दोघांचे मोबाइल आणि काकूंची पिशवी सांभाळत मी समोरच्या फुटपाथवर छत्रीखाली दोन तास उभी होते. दोघं बाहेर आले तेव्हा त्यांच्या हातात पासपोर्ट नव्हते. पासपोर्ट ठेवून घेतले म्हणजे बहुतेक वेळा व्हिसा मंजूर.

आत काय झालं हे परतीच्या गाडीत मी दोनदा ऐकलं आणि दोन्ही वेळा वेगळं ऐकलं. नानांच्या मते अधिकाऱ्याने सगळं त्यांनाच विचारलं आणि जुन्या नकाराबद्दल त्यांनी आपणहून सांगितलं. काकूंच्या मते, अधिकारी बाईने पडद्याकडे बघत विचारलं की मागच्या वेळी काय झालं होतं, नाना गप्प राहिले, आणि त्या म्हणाल्या, “तेव्हा फॉर्म दुसऱ्याने भरला, आम्हाला वाचून दाखवला नाही.” मग बाईने विचारलं, यावेळचा कुणी भरला? “हा मी सांगितला आणि ताईंनी लिहिला.” मग बाग कोण बघणार, परत कधी येणार. सगळं मिळून तीन मिनिटं.

मी दोघांनाही परत विचारलं नाही. खरं काय ते कळलं तर मला निदान माझ्यापुरतं उत्तर मिळेल. नाना आपणहून बोलले असतील तर मेमध्येही बोलले असते, आणि लेकीचं म्हणणं बरोबर होतं. इगतपुरी येईपर्यंत माझ्या मनात तेवढंच चाललं होतं, आणि अजूनही रात्री फॉर्म तपासताना त्या प्रश्नावर आले की हात थांबतो.

पासपोर्ट आठवड्याभरात आले. ज्या पुस्तिका आमच्याच नाशिक रोडच्या प्रेसमध्ये छापल्या जातात, त्यांच्यात दहा वर्षांचा व्हिसा चिकटवलेला. नाना-काकू पेढे घेऊन आले. विमान १६ जुलैचं होतं. काकूंनी पिशवीतून एक स्टीलचा डबा काढून माझ्या टेबलावर ठेवला. डिंकाचे लाडू होते, अळीव घालून वळलेले. मेमध्ये जायचं म्हणून एप्रिलअखेरीला केले होते ते संपून गेले, हे नवे केले होते.

“निम्मे तुम्हाला ठेवा,” त्या म्हणाल्या. “आम्ही पोचेस्तोवर तिचा सव्वा महिना होऊन गेलेला असेल.”