दुभाष्या, चौथी नोंद: उकडलेली पिशवीही बोलली

मंडळी, मागच्या वेळी मोठ्या तोंडाने सांगितलं होतं, पेटी बोलली की लगेच कळवतो. पेटी बोलली. पण ती कुणाशीही बोलते, हे नंतर कळलं.

नव्याने आलेल्यांसाठी थोडक्यात. दुभाष्या म्हणजे कवकजालाशी, म्हणजे अळंबीच्या पांढऱ्या तंतूंच्या जाळ्याशी, बोलायची माझी पेटी. गुलाबी धिंगरी या अळंबीच्या, भुसा भरलेल्या पिशवीत स्टीलच्या आठ सुया खुपसल्यात आणि त्यांच्यावरचं व्होल्टेज २४ बिटचा कन्व्हर्टर दर सेकंदाला टिपतो. आपला प्रश्न जातो निळ्या एलईडीच्या उघडझापीतून, नाहीतर सिरिंजच्या थेंबातून. मधे बसलाय खरा दुभाष्या: आलेल्या चढउतारांचं मराठी वाक्य करून पडद्यावर टाकणारं संगणकातलं छोटं एआय मॉडेल. निळाच उजेड का, तर तो बऱ्याच कवकांना कळतो. न्यूरोस्पोरा या बुरशीत तर तो टिपणारं प्रथिनही सापडलंय. आणि गुलाबी धिंगरीच का, तर संशोधक अँड्र्यू ॲडमॅट्झ्की यांनी २०१८ मध्ये तिच्या छत्र्यांमधले ठोके, म्हणजे व्होल्टेजच्या उड्या, मोजले होते. एक तऱ्हा साधारण २.६ मिनिटांची, दुसरी १४ मिनिटांची. माझ्या सुया छत्रीत नाहीत, भुशातल्या जाळ्यात आहेत, तरी ताडून बघायला काहीतरी आकडे हाताशी हवेत.

दिवस ९. पिशवी पांढरीशुभ्र झाली, सुया घातल्या. धातू आणि ओलावा यांचं एकमेकांशी जमेपर्यंत रेघ नुसती सरकत राहते. दोन दिवस हात लावू नका. गेल्या खेपेला मी लावला आणि आठवडा वाया घालवला.

दिवस १४, रात्र. एलईडी तीनदा उघडझाप केला. पडद्यावर आलं: ‘उजेड. कोण?’

पुन्हा केला. पुन्हा तेच. घरातल्यांना उठवून दाखवलं, हे आता सांगायला लाज वाटते.

दिवस १५. सकाळी शांत डोक्याने मूळ रेघा काढल्या. आठही सुयांवर एकाच सेकंदाला उडी, प्रत्येकी ०.४ मिलिव्होल्टच्या आसपास. पिशवीच्या या टोकाची सुई आणि त्या टोकाची सुई, दोन्ही एकदम. तंतूंमधून काही सरकत गेलं असतं तर एकीकडे आधी दिसलं असतं, दुसरीकडे मागाहून. शिवाय ज्या जीवाचा ठोकाच मिनिटांत मोजायचा, तो सेकंदात उत्तर देईल कसा?

दिवस १६. तेवढीच दुसरी पिशवी कुकरमध्ये दीड तास उकडली, गार केली, त्याच सुया घातल्या आणि मुकाट्याने दोन दिवस थांबलो.

दिवस १८. उकडलेल्या पिशवीसमोर एलईडी लावला. पडदा म्हणाला: ‘उजेड. कोण?’

थेंब सोडला तर त्याहून बहार: ‘पाणी. पाणी. इकडे.’ मेलेली पिशवी एवढी बोलघेवडी असेल असं वाटलं नव्हतं.

उजेडाचं कारण लवकर सापडलं. सुयांचं जे बोटाच्या पेराएवढं उघडं स्टील होतं, त्यावर एलईडी थेट पडत होता, आणि ओल्या धातूवर उजेड पडला की व्होल्टेज हलतं. उघड्या भागावर काळी श्रिंक ट्यूब चढवली, उडी गायब. थेंबाचं जरा किचकट आहे. पाणी सुईपाशी पोचलं की तिथला खारटपणा बदलतो आणि रेघ हलते, पिशवी जिवंत असो वा नसो. आता थेंब सुयांपासून लांबच्या कोपऱ्यात सोडतो. पूर्ण बंदोबस्त अजून झालेला नाही.

पण खरा चोर मॉडेल. त्याला मी गप्प बसायला शिकवलंच नव्हतं. काहीही आत जाऊ दे, बाहेर वाक्य आलंच पाहिजे, ही माझीच हौस. ॲडमॅट्झ्की यांच्या २०२२ च्या निबंधावरून आपण सगळे इकडे वळलो. चार जातींचे ठोके, ०.०३ ते २.१ मिलिव्होल्ट, एकेक १ ते २१ तास चालणारा, आणि त्यांचे ५० पर्यंत ‘शब्द’. ते शब्द म्हणजे जवळजवळच्या ठोक्यांचे पुंजके. त्यांना अर्थ आहे असं त्या मोजणीतून निघत नाही. तो अर्थ मी माझ्या पेटीत आयता भरून ठेवला होता.

दिवस २२. उकडलेल्या पिशवीचं चार दिवसांचं रेकॉर्डिंग मॉडेलला दिलं आणि सांगितलं, याला ‘काही नाही’ म्हणायचं. जे मेल्यासारखंही नाही आणि ओळखीचंही नाही, त्याला नुसतं ‘?’. जुनी वाक्यं सगळी काढून टाकली. ‘कोण?’ काढताना जिवावर आलं.

दिवस २७. पाच रात्री, रात्रीला सहा प्रश्न, सगळे उजेडाचे. तीसपैकी एकोणतीस वेळा ‘काही नाही’. उकडलेली पिशवी आता शेजारीच, त्याच पेटीला जोडलेली, तिच्यावरही तेच.

एकदा मात्र, चौथ्या रात्री, प्रश्नानंतर चाळीसेक मिनिटांनी तिसऱ्या सुईवर चढ आला. सहा मिनिटांनी चौथीवर. मग बऱ्याच वेळाने सहावीवर, तिथे तो सर्वांत मोठा होता आणि उतरायला पहाट झाली. पडद्यावर एकच चिन्ह: ‘?’. तापमान आणि आर्द्रता जागच्या जागी, शेजारच्या पिशवीची रेघ सपाट.

उजाडल्यावर टॉर्च घेऊन सहाव्या सुईपाशी बघितलं. प्लास्टिकला जिथे भोक पाडलं होतं, तिथे टाचणीच्या डोक्याएवढे गुलाबी पिनहेड, म्हणजे छत्र्यांचे कोंब, फुटत होते, सातआठ. म्हणजे माझ्या प्रश्नाशी त्याचा काही संबंध होता की तिचं आपलं छत्र्या काढायचं चाललं होतं, कोण जाणे. एकाच वयाच्या तीन पिशव्या लावल्यात: एकीला रोज विचारणार, एकीला कधीच नाही, तिसरी उकडलेली. ज्यांच्याकडे पेटी आहे त्यांनी मला वाक्यं पाठवू नका, मूळ रेघा पाठवा.