नाथसागराच्या उथळ काठावर

पैठणचं जायकवाडी धरण, म्हणजे नाथसागर, शंभर टक्के भरलं की अख्खा मराठवाडा खूश असतो. पक्षी बघणारे तेवढे खट्टू होतात. जानेवारीत फुगवट्याच्या, म्हणजे धरणामागं पसरलेल्या पाण्याच्या काठानं हिंडलो, तेव्हा त्यांचं दुखणं कळलं.

संभाजीनगरहून बिडकीनमार्गे पैठण पन्नासेक किलोमीटर. धरणाच्या २७ दरवाज्यांपुढं फोटो काढणाऱ्यांची गर्दी नेहमीचीच, त्यामुळं तिथं न थांबता आम्ही मागच्या पाण्याकडं वळलो.

१९७६ साली लोकार्पण झालेलं हे धरण सपाट मुलखात आहे. पाणी खोल साठत नाही, पसरतं. उन्हाळ्यात वाफ होऊन जातं ते वेगळंच. पण पातळी हातभर उतरली, तरी लांबवर चिखल उघडा पडतो आणि शेकाटे, तुतारी, रोहित (फ्लेमिंगो) या पक्ष्यांची पंगत बसते. धरणाच्या हिशेबात जो तोटा, त्याच्याच जिवावर १९८६ पासूनचं इथलं पक्षी अभयारण्य उभं आहे. धरण काठोकाठ राहिलं, तर चिखल कुठून येणार? आम्हाला रोहित दिसलेच नाहीत.

चक्रवाक मात्र जोडीजोडीनं होते. आणि हिमालय ओलांडून आलेले पट्टकदंब हंस चक्क गाळपेरीच्या, म्हणजे पाणी हटल्यावर उघड्या गाळात पेरलेल्या हरभऱ्यात चरत होते. रानाचा मालक बांधावरच बसला होता. हाकलत नाही का, विचारलं.

“हाकलतो की भाऊ. पर हिकडून उठतेत अन् तिकडं बसतेत. धरणात आमच्या आज्याची जमीन गेली. पाणी हटलं की चार महिने तेवढीच परत भेटती.”

अशा माणसाला हुसकावून अभयारण्य राखता येईल, असं मला वाटत नाही. खतं-औषधांचा मारा मात्र थांबायला हवा, कारण हेच रान पावसाळ्यात बुडतं आणि ते पाणी संभाजीनगर-जालन्याच्या नळाला येतं.

१५ ऑक्टोबरला साठा ६५ टक्क्यांच्या आत असला, की वरच्या धरणांतून पाणी सोडण्यावरून नाशिक-नगर आणि मराठवाडा दरवर्षीसारखे भांडतात. पिणं, शेती, कारखाने, सगळ्यांचा वाटा त्यात निघतो. चिखल कधी नि किती उघडा राहावा, हा विषय मी तरी त्या भांडणात कधी ऐकलेला नाही.

जाणार असाल तर आधी साठ्याची टक्केवारी बघा. धरण गच्च असेल तर फेब्रुवारी उजाडू द्या, आणि गाडी डांबरी रस्त्यावरच ठेवा. वरून वाळलेला दिसणारा गाळ आत ओलाच असतो.