रूळ आणि दर्या : ‘खलाशी’ या शब्दाचा माग

रेल्वे आणि जहाज या दोन्ही ठिकाणी चालणारे शब्द गोळा करण्याच्या माझ्या छंदात या खेपेला ‘खलाशी’ हा शब्द बराचसा मार्गी लागला आहे, म्हणून त्याची नोंद याच छंदातल्या मंडळींसमोर ठेवतो.

मराठी माणसाला खलाशी म्हटले की कोकणातली मच्छीमार नौका आठवते, जिच्यावर तांडेलाच्या हुकमतीखाली चार-सहा खलाशी जाळे सोडत आणि ओढत असतात. रेल्वेत मात्र याच नावाचे पद कित्येक पिढ्या होते. कारखान्यातला खलाशी, पुलांच्या विभागातला खलाशी, सिग्नलवाल्यांचा खलाशी असे त्याचे नाना प्रकार होते आणि त्यांतल्या बहुतेकांचा खाऱ्या पाण्याशी काडीचाही संबंध नव्हता. तेव्हा रेल्वेने हा शब्द बंदरावरून उचलला असावा, असे सहज वाटते. मुंबईत तर ते अधिकच पटते, कारण 16 एप्रिल 1853 रोजी ठाण्याकडे पहिली गाडी सुटली ती बोरीबंदराहूनच.

परंतु कोशातली नोंद निराळी दिशा दाखवते. यूल आणि बर्नेल यांच्या 1886 सालच्या ‘हॉब्सन-जॉब्सन’ या कोशात खलाशाचा पहिला अर्थ तंबू ठोकणारा असा दिला आहे. त्यानंतर मोजणीदाराची साखळी किंवा काठी धरणारा माणूस येतो आणि देशी दर्यावर्दी त्याच्याही मागून येतो. म्हणजे समुद्र हे या शब्दाचे एकमेव घर नव्हते. तंबूच्या तणाव्या, मोजणीची साखळी आणि शिडाचे दोर यांत समान काय, असे विचारले तर माझे उत्तर असे की, ताणणे, सैल सोडणे आणि दहा जणांनी एका दमात ओढणे हे या सगळ्या कामांचे मर्म आहे, आणि तेच मर्म पुढे लोहमार्गाची आखणी करताना व पुलाचे गर्डर चढवताना उपयोगी पडले. शब्द वाहनाबरोबर नव्हे, तर कामाबरोबर फिरला, हे माझे मत यावरूनच बनले आहे.

व्युत्पत्ती सामान्यतः अरबी ‘खलास’ म्हणजे सुटका या शब्दाकडे नेली जाते. त्याच धातूचे गोतावळ्यातले शब्द आपण रोज वापरतो : संपले या अर्थाचा खलास, संस्थान खालसा होते त्यातला खालसा, निखालस आणि खुलासा. हिंदीतला ‘खलासी’ मराठीत ‘खलाशी’ झाला तो ‘फाँसी’ची ‘फाशी’ होते त्याच नियमाने. उत्तरेत आणि पूर्वेकडे ट्रकवरच्या मदतनिसालाही खलासी म्हणतात. आपल्याकडे ती जागा क्लीनरने घेतली आहे.

त्याच्या वरिष्ठांची नावेही समुद्रावरून रुळांवर आली. रेल्वेच्या पूल विभागात खलाशांच्या टोळीवर तिंडल आणि सारंग अशी पदे असत. सारंग हा फारसी ‘सरहंग’, म्हणजे सेनानायक. शिवकालीन आरमारातला दर्यासारंग त्याच घराण्यातला. तिंडल म्हणजे आपला तांडेलच. त्याचा संबंध कोणी तांड्याशी लावतात, तर कोणी वल्ह्याला म्हणतात त्या मल्याळम ‘तंडु’शी. होडीवरच्या माणसाला वल्हे अधिक शोभते खरे, पण हाताखाली माणसांची रांग असलेला म्होरक्या या अर्थाने तांडाही तितकाच चपखल बसतो, म्हणून मी दोन्ही नोंदी तशाच ठेवल्या आहेत.

या शब्दाचे रूळ आणि पाणी एकत्र आल्याचे सर्वांत ठसठशीत उदाहरण केरळमधले आहे. बेपूर परिसरातले मापिल्ला, म्हणजे केरळी मुस्लिम, खलाशी ‘उरू’ नावाची प्रचंड लाकडी गलबते पाण्यात लोटण्यात पिढीजात तरबेज आहेत. त्यांची हत्यारे साधी असतात : जाड दोर, कप्प्या, खाली घालायचे लाकडी ओंडके आणि एक उभा रहाट. रहाटाला आडवे दांडे असतात, ते छातीशी धरून माणसे गोल फिरतात, दोर त्याच्याभोवती वेढत जातो आणि ओझे बोटाबोटाने सरकते. सर्वांचा जोर एकाच क्षणी लागावा म्हणून एक जण गाण्याची ओळ सांगतो आणि बाकीचे तिला साथ देतात. 8 जुलै 1988 रोजी बंगळूरहून कन्याकुमारीकडे जाणारी आयलंड एक्सप्रेस कोल्लमजवळ पेरुमण पुलावरून अष्टमुडी सरोवरात कोसळली आणि शंभराहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. त्या वेळी बुडालेले डबे बाहेर ओढण्यासाठी याच खलाशांना पाचारण करण्यात आले होते. रेल्वेच्या पदनामातले खलाशी आणि गलबतांचे खलाशी यांच्यातले अंतर त्या सरोवरात उरले नव्हते, असे मला वाटते.

आता रेल्वेच्या कागदोपत्री हा शब्द मावळत चालला आहे. 2019 सालच्या लेव्हल-1, म्हणजे सर्वांत खालच्या वेतनस्तराच्या, भरतीच्या जाहिरातीत असिस्टंट (ब्रिज), असिस्टंट (वर्कशॉप) अशी पदनामे होती. नव्या नावाला प्रतिष्ठा असेल, पण त्यावरून माणूस नेमके काय करतो याचा बोध होत नाही.

पुढच्या नोंदीसाठी ‘धक्का’ घेतला आहे. माझगावचा भाऊचा धक्का होड्यांचा आणि गावोगावचा मालधक्का वाघिणींचा, म्हणजे मालगाडीच्या डब्यांचा. ढकलण्याच्या धक्क्याशी या दोघांचे नाते कसे जुळते, त्याची जुळवाजुळव सध्या चालू आहे. आपल्या गावच्या मालधक्क्याला जुनी माणसे आणखी काही म्हणत असतील, तर ते जरूर कळवावे.