तुम्ही विचारलंत म्हणून: ‘पण तेव्हा काळच तसा होता ना?’

अमेरिकेच्या सुरुवातीच्या दिवसांविषयी बोलायला लागलो की श्रोत्यांतून हा प्रश्न हमखास येतो. स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या वॉशिंग्टनने, स्वातंत्र्याचा जाहीरनामा लिहिणाऱ्या जेफरसनने स्वतः गुलाम बाळगले, हे खरं. पण काळच तसा होता, ते बिचारे दुसरं काय करणार?

मी अशा वेळी रॉबर्ट कार्टरचं नाव घेतो. वॉशिंग्टनचा जन्म झाला त्याच, व्हर्जिनिया वसाहतीतल्या वेस्टमोरलंड परगण्यात, नोमिनी हॉल इथे त्याची हवेली होती. जन्म 1728 चा. आजोबा इतके गडगंज की लोक त्यांना ‘किंग’ कार्टर म्हणत. नातवाकडे हजारो एकर जमीन, तंबाखूचे आणि पुढे गव्हाचे मळे, बाल्टिमोरच्या लोखंडाच्या कारखान्यात वाटा. लोकांनी निवडून द्यायच्या सभागृहासाठी तो उभा राहिला आणि पडला. मग 1758 मध्ये गव्हर्नरच्या कौन्सिलवर त्याची नेमणूक झाली. हेच कौन्सिल वसाहतीच्या विधिमंडळाचं वरचं सभागृह होतं. म्हणजे हा माणूस बंडखोर नव्हे, व्यवस्थेच्या अगदी गाभ्यातला.

1770 च्या दशकाच्या शेवटी तो बाप्टिस्ट या ख्रिस्ती पंथात गेला. त्या मंडळीत गोरे शेतकरी आणि गुलाम एकत्र प्रार्थना करत. ज्यांच्यावर आपली मालकी आहे त्यांच्यासोबत एकाच देवापुढे बसणं, याचा त्याच्या मनावर काही परिणाम झालाच असणार, असं मला वाटतं.

1782 मध्ये व्हर्जिनियाने कायदा बदलला आणि सरकारची वेगळी परवानगी न काढता मालकाला गुलाम मुक्त करता येऊ लागले. म्हणजे वाट सगळ्यांनाच खुली झाली होती. कार्टरने 1 ऑगस्ट 1791 ला दस्तऐवज केला. माणसांना गुलामीत ठेवणं धर्म आणि न्याय यांच्या खऱ्या तत्त्वांविरुद्ध आहे, अशी आपली खात्री पटली असून त्यांना मुक्त करणं हे आपलं कर्तव्य आहे, असं त्याने त्यात लिहिलं. सोबत यादी जोडली: मळ्यांची नावं, आणि प्रत्येक मळ्यावरच्या माणसांची नावं व वयं. साडेचारशेहून जास्त माणसं. हा दस्त त्याने कोर्टात नोंदवला, म्हणजे उद्या मन फिरलं तरी मागे हटायची सोय उरली नाही. मला या माणसाबद्दल आदर वाटतो तो इथे. हळहळ व्यक्त करणारी पत्रं पुष्कळांनी लिहिली. जेफरसनची तशी पत्रं आहेतच, आणि त्याच्या मृत्यूनंतर, 1827 मध्ये, त्याच्या घरच्या 130 गुलामांचा लिलाव झाला. वॉशिंग्टनने 1799 च्या मृत्युपत्रात मुक्तता लिहिली खरी, पण ती आपल्या पश्चात.

कार्टरने ते हयातीत केलं, आणि त्याची किंमतही मोजली. सुटलेल्यांपैकी काहींना त्याने जमिनी खंडाने दिल्या, तेव्हा शेजारी खवळले. घरच्यांनाही वारसा हातातून निसटताना दिसत होता. 1793 मध्ये तो बाल्टिमोरला निघून गेला आणि कामाची मुखत्यारी बेंजामिन डॉसन या बाप्टिस्ट धर्मोपदेशकाकडे सोपवली. 1804 मध्ये कार्टर वारला, तरी माणसं सुटत राहिली.

आता कोणी विचारेल, मग हा संत होता का? नाही. चाळीस वर्षं त्याने याच माणसांच्या कष्टांवर वैभव भोगलं. मुक्तताही एकदम दिली नाही: दरवर्षी काही जण, आणि पोरंबाळं वयात आल्यावर, मुली 18 व्या वर्षी, मुलगे 21 व्या. कायद्यात बसावं आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांना कमीत कमी झळ लागावी, हा त्याचा हिशेब होता. पण वाट बघायची होती ती शेजाऱ्यांना नव्हे. दस्त झाला त्या वर्षी नोमिनी हॉलच्या मळ्यावर जन्मलेली मुलगी 1809 मध्ये मोकळी होणार होती.